पेन्सिलच्या फुलीवर सही करू नका

ताई, नमस्कार. मी कुंभारीच्या विडी घरकुलात राहते, विड्या वळते. मुलगी नर्सिंगच्या शेवटच्या वर्षाला आहे, तिच्याकडून हे टाइप करून घेते आहे.

आमचे हे एमआयडीसीतल्या एका कारखान्यात स्टोअरला होते. १ ऑक्टोबर १९९३ ला लागले, ३१ मे २०२५ ला रिटायर झाले. शेवटच्या दिवशी शाल-नारळ दिला, हार घातला, फोटो काढले. पण हिशोब दिला नाही. कारण असं की २०१९ मध्ये यांच्याबरोबर काम करणाऱ्या मित्राने कारखान्यातल्याच कामगार पतसंस्थेतून मुलीच्या लग्नासाठी कर्ज काढलं. हे आणि आणखी एक जण जामीन राहिले. कॅन्टीनमध्ये डबा खाता खाता सह्या घेतल्या. कारकुनाने पेन्सिलने फुल्या मारून ठेवल्या होत्या, तिथे तिथे यांनी सही केली. मित्राने २०२२ मध्ये नोकरी सोडली आणि पुण्याला गेला. तेव्हापासून हप्ते बंद. मधे एकदा कर्जाचं नवं-जुनं केलं होतं असं दुसरा जामीनदार सांगतो, आम्हाला नक्की माहीत नाही.

पतसंस्था म्हणते ३,४०,००० बाकी आहे. तिने कारखान्याला पत्र दिलं, आणि कारखाना म्हणतो पतसंस्थेचा ना देय दाखला आणल्याशिवाय ग्रॅच्युइटी नाही, पीएफच्या कागदावर सही नाही. आठ महिने झाले. आता एक संमतीपत्र पुढे केलंय. ग्रॅच्युइटी ४,६५,०००, त्यातून ३,४०,००० पतसंस्थेला वळते, उरलेले १,२५,००० आम्हाला. सही केली की आठ दिवसांत चेक. हे म्हणतात करून टाकू सही, आपण जामीन राहिलो ते खरंच आहे ना. दिवसभर घरात बसून असतात. यंदा सिद्धेश्वराच्या गड्ड्याच्या यात्रेलासुद्धा आले नाहीत, कोणी ओळखीचं भेटेल म्हणून. घर माझ्या नावावर आहे, ते जाईल का? सही करावी की नाही, एवढं सांगा.

— एक भगिनी, सोलापूर

ताई, सगळ्यात आधी उत्तर देते. ती सही करू नका. हे उत्तर वाचत असताना कोणी पेन पुढे करून बसलं असेल, तरी पेन खाली ठेवायला सांगा.

मी बरीच वर्षं एका कामगार युनियनच्या कचेरीत अर्ज लिहायचं काम केलं आहे. रिटायर झालेली माणसं प्लास्टिकच्या पिशवीत कागद घेऊन यायची आणि टेबलावर ओतायची. त्यांतल्या निम्म्या जणांचं दुखणं तुमच्यासारखंच असायचं. कर्ज दुसऱ्याचं आणि अडकलेला पैसा आपला. म्हातारपणी माणूस कोर्टकचेरीला भितो, त्यापेक्षा आपल्याच ओळखीच्यांना जास्त भितो. सचिव ओळखीचा, एचआरवाले साहेब ओळखीचे, कर्जदार तर डब्यातला भागीदार. नाही कुणाला म्हणायचं? म्हणून सही होते. तुमच्या यजमानांनी २०१९ मध्ये केलेली सही अशीच झाली, आणि आताचीही तशीच होऊ घातली आहे. या संमतीपत्रावरही पेन्सिलच्या फुल्या असतील, बघा.

तुमच्या यजमानांचं म्हणणं मी बाजूला टाकत नाही. आपण जामीन राहिलो हे खरं आहे, असं म्हणणारा माणूस चांगला माणूस आहे. पण ते दोन वेगळी खाती एकाच वहीत मांडत आहेत. त्यांनी पतसंस्थेला शब्द दिला, ते एक खातं. कारखान्याने बत्तीस वर्षांच्या कामाचे पैसे त्यांना द्यायचे आहेत, ते दुसरं. कारखान्याने त्या कर्जातला एक रुपयाही दिलेला नाही. मग पहिल्या खात्यासाठी तो दुसरं खातं अडवून कसा बसतो?

बत्तीस वर्षं मी मुद्दाम लिहिलं. कारखान्याचा कागद पुन्हा वाचा. ग्रॅच्युइटीचा हिशोब असा असतो: शेवटचा मूळ पगार अधिक महागाई भत्ता, भागिले २६, गुणिले १५, गुणिले नोकरीची वर्षं. ४,६५,००० ला ३१ ने भागलं तर वर्षाला १५,००० पडतात, म्हणजे शेवटचा पगार २६,००० धरला आहे. तो पगार बरोबर आहे का, हे पगारपत्रकावरून यजमानांनी तपासावं. पण वर्षं तर उघड चुकली आहेत. १ ऑक्टोबर १९९३ ते ३१ मे २०२५ ही ३१ वर्षं आणि ८ महिने होतात, आणि शेवटच्या वर्षातले महिने सहाच्या वर गेले की कायदा ते पूर्ण वर्ष धरतो. म्हणजे ३२ वर्षं, ४,८०,००० रुपये. कर्जाचा विषय निघायच्या आधीच १५,००० कमी लावले आहेत. ज्या कागदावर सही करायला सांगताहेत त्यावर हीच ४,६५,००० ची रक्कम छापलेली आहे. सही केली की ती कबूल झाली.

आता कायदा काय म्हणतो ते सांगते. ग्रॅच्युइटीचा कायदा १९७२ चा. २१ नोव्हेंबर २०२५ पासून ग्रॅच्युइटी नव्या सामाजिक सुरक्षा संहितेत गेली आहे, पण तुमच्या यजमानांची निवृत्ती त्याआधीची, त्यामुळे त्यांचा हिशोब जुन्याच कायद्याने. त्या कायद्यात ग्रॅच्युइटी जप्त करायची कारणं मोजकी आहेत आणि ती सगळी कामगाराला कामावरून काढून टाकलं असेल तेव्हाची आहेत: मुद्दाम किंवा निष्काळजीपणाने कारखान्याच्या मालमत्तेचं नुकसान केलं, मारामारी-दंगा केला, नोकरीत असताना नैतिक अधःपतनाचा गुन्हा केला. तुमचे यजमान वयाने निवृत्त झाले, शाल-नारळ घेऊन. यातलं काय लागू होतं? काहीच नाही. मित्राच्या कर्जाला जामीन राहणं हे त्या यादीत कुठेच नाही.

पुढचं कलम १३ तर यजमानांना मोठ्याने वाचून दाखवा. दिवाणी, महसुली किंवा फौजदारी, कुठल्याही कोर्टाच्या हुकमाच्या वसुलीत ग्रॅच्युइटीवर जप्ती येत नाही. उद्या पतसंस्था कोर्टातून हुकूम घेऊन आली तरी कारखान्याकडे असलेल्या ग्रॅच्युइटीला हात लावता येत नाही. मग नुसत्या पत्रावर कारखाना ती कशी अडवतो? पीएफचंही तसंच. १९५२ च्या पीएफ कायद्याच्या कलम १० मध्ये लिहिलं आहे की सभासदाच्या खात्यातली रक्कम कोणाला तारण देता येत नाही आणि सभासदाच्या कुठल्याही कर्जापोटी तिच्यावर जप्ती येत नाही.

कारखान्याचे लोक यावर म्हणतील की २०१९ च्या जामीनपत्रात 'पगार, ग्रॅच्युइटी व इतर येणे रकमेतून कपात करण्यास माझी संमती आहे' असं छापलेलं आहे. बहुतेक ते असेलच, छापील फॉर्मात असतंच. सहकारी संस्था कायद्याचं कलम ४९ पतसंस्थेला सभासदाकडून असा करार घ्यायची मुभा देतं आणि तसं मागणीपत्र आलं तर मालकाला कपात करावी लागते, हे खरं. पण ते कलम पगारातून, वेतनातून दरमहा करायच्या कपातीचं आहे. ग्रॅच्युइटी म्हणजे पगार नव्हे. शिवाय ग्रॅच्युइटी कायद्याच्या कलम १४ ने त्या कायद्याशी विसंगत असलेल्या दुसऱ्या कायद्यांवर आणि त्या कायद्यांच्या आधाराने केलेल्या करारांवर ग्रॅच्युइटी कायद्याला वरचढ ठेवलं आहे. म्हणून २०१९ च्या त्या ओळीला घाबरू नका.

रजेच्या पगाराचं मात्र तसं नाही. शिल्लक रजेचे काही पैसे यायचे असतील तर त्याला ग्रॅच्युइटीसारखं कवच नाही, आणि तिथे कारखाना पतसंस्थेच्या मागणीपत्राचा आधार घेऊ शकतो. तो वाद लांबला तर लांबू द्या. त्यासाठी मोठी रक्कम अडवून घेऊ नका.

मग संमतीपत्र कशाला मागताहेत? कपात करायचा अधिकार आहे अशी त्यांची खात्री असती तर आठ महिने थांबले नसते. अधिकार नाही, म्हणून तुमच्या यजमानांच्या हातून तो लिहून घ्यायचा आहे. सही झाली की तीन गोष्टी जातात. ३,४०,००० चा आकडा कबूल होतो, तो बरोबर की चूक हे कोणी पाहिलेलं नसताना. ग्रॅच्युइटीचा आकडा कबूल होतो, तो चुकीचा आहे हे आता आपल्याला कळलेलं असताना. आणि उशिराचं व्याज सोडल्यासारखं होतं.

हे व्याज कोणीच सांगत नाही. ग्रॅच्युइटी ३० दिवसांत द्यायची असते, नाहीतर सरळ १० टक्के व्याज लागतं. ४,८०,००० वर वर्षाचे ४८,०००, महिन्याचे ४,०००. आठ महिन्यांचे ३२,००० आत्ताच झाले. उशीर कामगाराच्या चुकीने झाला आणि कारखान्याने नियंत्रक प्राधिकाऱ्याची, म्हणजे ग्रॅच्युइटीचे वाद ऐकणाऱ्या अधिकाऱ्याची, लेखी परवानगी घेतली, तरच व्याज टळतं. पतसंस्थेचं पत्र म्हणजे ती परवानगी नव्हे. एका बाजूला १,२५,००० चा चेक आणि दुसऱ्या बाजूला ५,१२,००० चा हक्क. तुमच्या मुलीला हे दोन आकडे एका कागदावर एकाखाली एक मोठे लिहून भिंतीला लावायला सांगा.

आता काय करायचं ते.

पीएफचं काम सर्वांत आधी उरका, कारण त्यात कारखान्याची सही लागेलच असं नाही. यजमानांचा यूएएन नंबर (पीएफचा कायमचा नंबर) आधार, बँक आणि मोबाइलला जोडलेला असेल तर पैसे काढायचा दावा आणि पेन्शनचा १०-डी फॉर्म, दोन्ही ऑनलाइन भरता येतात. कारखान्याने नोकरी संपल्याची तारीख भरली नसेल तर शेवटच्या वर्गणीनंतर दोन महिन्यांनी ती सभासदाला स्वतः भरता येते. आठ महिने झाले आहेत, म्हणजे वाट मोकळी आहे. ५८ पूर्ण झाल्यावर ईपीएसची, म्हणजे पीएफबरोबरच्या पेन्शन योजनेची, पेन्शन सुरू व्हायला हवी होती; ती या भांडणात विनाकारण अडकली आहे. अडलं तर सोलापुरात पीएफचं क्षेत्रीय कार्यालय आहे, तिथे जा. दर महिन्याच्या २७ तारखेला 'निधी आपके निकट' नावाचं शिबिर असतं, सगळे कागद घेऊन तिथे बसा. तुम्ही विडी कामगार आहात, तुमचंही पीएफ असणार. तुमच्या खात्याची चौकशीही त्याच फेरीत करून घ्या.

ग्रॅच्युइटीसाठी कारखान्याला फॉर्म आय, म्हणजे ग्रॅच्युइटी मागण्याचा अर्ज, नव्याने द्या. आधी दिला असला तरी पुन्हा द्या, आणि सोबत हे पत्र जोडा:

'मी ३१/५/२०२५ रोजी नियत वयोमानाने निवृत्त झालो. माझी सेवा ३१ वर्षे ८ महिने, म्हणजे कायद्याप्रमाणे ३२ वर्षे होते. माझी ग्रॅच्युइटी रुपये ४,८०,००० व देय तारखेपासून १० टक्के व्याज मला अदा करावे. पतसंस्थेच्या कर्जापोटी ग्रॅच्युइटीतून कोणतीही कपात करण्यास माझी संमती नाही. यापूर्वी अशी संमती दिली आहे असे समजले जात असल्यास ती मी या पत्राने मागे घेत आहे. ना देय दाखल्याच्या कारणावरून रक्कम रोखण्यास कायद्यात कोणता आधार आहे, तो लेखी कळवावा.'

एवढंच लिहा. रडगाणं नको, धमकी नको, मित्राचं नावही नको. दोन प्रती करा, आवक-जावक टेबलावर एका प्रतीवर शिक्का आणि तारीख घ्या. शिक्का देत नसतील तर वाद घालू नका. गेटबाहेर येऊन थेट पोस्टात जा आणि स्पीड पोस्टाने पाठवून पोच ठेवा.

पंधरा-वीस दिवसांत पैसे आले नाहीत तर फॉर्म एन भरून नियंत्रक प्राधिकाऱ्याकडे जायचं. महाराष्ट्रात हे काम कामगार न्यायालयाकडे आहे आणि ते सोलापुरातच आहे, मुंबई-पुण्याला जायची गरज नाही. या अर्जाला ९० दिवसांची मुदत असते. तुमची ती उलटली आहे, पण सबळ कारण दिलं तर उशीर माफ होतो. कारण खरं तेच लिहा: 'कारखान्याने ना देय दाखल्यानंतर रक्कम देतो असे सांगितले, त्यावर विसंबून थांबलो.' निकाल तुमच्या बाजूने लागला आणि कारखान्याला अपील करायचं असलं तर त्याला आधी ती रक्कम भरावी लागते. तरीही पैसे दिले नाहीत तर कलेक्टरकडून जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली करून घेता येते. हे सगळं वकिलाशिवायही जमतं, पण वकील हवा असेल तर जिल्हा न्यायालयातल्या विधी सेवा प्राधिकरणात विचारा. औद्योगिक कामगाराला तिथे मोफत वकील मिळतो.

इथवर तुमच्या बाजूने बोलले. आता जे ऐकायला जड जाईल ते.

जामीनकी खोटी होत नाही. करार कायद्याप्रमाणे जामीनदार कर्जदाराइतकाच बांधील असतो. आधी मित्राकडे जा, त्याच्याकडून नाही मिळालं तर मग आमच्याकडे या, असं पतसंस्थेला बजावता येत नाही. सुप्रीम कोर्टाने ते फार पूर्वीच स्पष्ट केलं आहे. पतसंस्था सहकार खात्याच्या सहायक निबंधकांकडे जाऊन सहकारी संस्था कायद्याच्या कलम १०१ खाली वसुली दाखला मागू शकते. तो मिळाला की वसुली अधिकारी यजमानांच्या नावावरच्या मालमत्तेवर येऊ शकतो. त्या दाखल्याविरुद्ध फेरतपासणी मागायची तर आधी निम्मी रक्कम भरावी लागते, तुमच्या बाबतीत १,७०,०००. म्हणून निबंधक कार्यालयाची नोटीस आली तर ती घेतली नाही, घरी कोणी नव्हतं, असं कधीही करू नका. ती नोटीस म्हणजे तुमचं म्हणणं मांडायची जागा आहे. गैरहजर राहिलेल्या माणसाविरुद्ध दाखला निघणं फार सोपं असतं.

घर तुमच्या नावावर आहे आणि जामीनपत्रावर तुमची सही नाही, असं असेल तर यजमानांच्या जामीनकीपायी तुमचं घर वसुलीत काढता येत नाही. पण 'असं असेल तर' हे मी जपून म्हणते. तुमच्याकडून कुठे सही घेतली होती का, आठवून बघा. डबा पोचवायला गेला असताना, 'वहिनी, इथे साक्षीदार म्हणून' असं कोणी म्हणालं होतं का? साक्षीदार वेगळा आणि जामीनदार वेगळा, पण कागद बघितल्याशिवाय कुठल्या रकान्यात सही गेली ते कळत नाही.

म्हणून पतसंस्थेकडून कागद मागवायचे. यजमान तिथले सभासद आहेत. सहकारी संस्था कायद्याच्या कलम ३२ खाली आपल्या व्यवहाराच्या नोंदी बघायचा आणि फी भरून नकला घ्यायचा सभासदाला हक्क आहे. मूळ जामीनपत्र, कर्जखात्याचा सुरुवातीपासूनचा उतारा, आणि नव्या-जुन्याचा ठराव व कागद मागा. हे नवं-जुनं प्रकरण मला तुमच्या सगळ्या पत्रात सर्वांत महत्त्वाचं वाटतं, आणि तुम्ही ते एका ओळीत लिहून पुढे गेलात. जुनं कर्ज नव्या कर्जातून फेडून खातं चालू दाखवायचं, रक्कम वाढवायची, मुदत बदलायची, हे सर्रास चालतं. जामीनदाराला न विचारता कर्जाच्या अटी बदलल्या तर त्या बदलानंतरच्या व्यवहारांपुरता जामीनदार मोकळा होतो, करार कायद्याचं कलम १३३. तेव्हा नव्या कर्जाच्या कागदावर यजमानांची सही आहे का, हा प्रश्न ३,४०,००० चा आहे. नसेल, तर सहायक निबंधकांपुढे तेच तुमचं मुख्य म्हणणं. आणि एचआरच्या संमतीपत्रावर आज सही केली असती तर हाच प्रश्न कायमचा मिटला असता, पतसंस्थेच्या बाजूने.

सही असेल, तर उताऱ्यात मुद्दल किती, व्याज किती, दंडव्याज किती ते वेगळं काढा. २०२२ मध्ये मित्र नोकरी सोडून गेला तेव्हा त्याचे शेअर्स, त्याच्या ठेवी पतसंस्थेने कर्जात वळत्या केल्या का? त्याच्या पुण्याच्या मालकाला कपातीचं मागणीपत्र पाठवलं का? नसेल पाठवलं तर का नाही? तीन वर्षं गप्प बसून पतसंस्था यजमानांच्या निवृत्तीची वाट बघत होती, कारण इथला पैसा नजरेसमोर होता. हे प्रश्न लेखी विचारा. तडजोडीला बसाल तेव्हा दंडव्याज सोडायला लावायला ते उपयोगी पडतील.

आता दुसऱ्या जामीनदाराचं. पतसंस्था दोघांपैकी कोणाकडूनही सगळी रक्कम मागू शकते, पण तुम्हा दोघांमध्ये बोजा निम्मानिम्मा आहे. यजमानांनी जास्त भरलं तर जास्तीचं त्याच्याकडून मागता येतं. त्याला आजच सांगून ठेवा, म्हणजे उद्या भांडण होणार नाही. आणि जे काही भरावं लागेल ते पतसंस्थेच्या पावतीवर भरा, पावतीवर 'जामीनदार म्हणून' लिहून घ्या. जामीनदाराने भरलेला रुपया कर्जदाराकडून वसूल करायचा हक्क कायद्याने दिलेला आहे. मित्राला पुण्याच्या पत्त्यावर एक पत्र पाठवायला यजमानांना जड जाईल, मला कळतं. मैत्री तुटेल म्हणतील. पण मित्र तीन वर्षं फोन उचलत नसेल, तर मैत्री कुणी राखायची?

एक गोष्ट आताच ठरवा. ग्रॅच्युइटी आली की ती त्याच पतसंस्थेत ठेवू नका, 'एक टक्का जास्त व्याज' म्हणून कोणी कितीही आग्रह केला तरी. सभासदाच्या ठेवीवर आणि शेअर्सवर पतसंस्थेचा आधीचा हक्क असतो, ती रक्कम ते परस्पर वळती करून घेऊ शकतात. कायद्याने जे कवच दिलं ते आपल्याच हाताने काढून दिल्यासारखं होईल. सरकारी बँकेत यजमानांच्या नावाने वेगळं खातं काढा, त्यात ग्रॅच्युइटीशिवाय दुसरा पैसा टाकू नका. सुप्रीम कोर्टाने २००८ साली राधेश्याम गुप्ता विरुद्ध पंजाब नॅशनल बँक या खटल्यात म्हटलं आहे की निवृत्तीची रक्कम बँकेत मुदत ठेवीत ठेवली म्हणून दिवाणी हुकमाच्या जप्तीपासूनचं तिचं संरक्षण जात नाही. ही रक्कम कुठून आली ते खात्यावरून एका नजरेत दिसलं पाहिजे, म्हणून वेगळं खातं.

त्यानंतर कर्जातला आपला वाटा भरायचा की नाही, किती, कधी, हे तुम्ही घरात बसून ठरवा. कदाचित यजमान म्हणतील की निम्मं मुद्दल भरून मोकळं होऊ. भरावं, त्यांना तसं वाटत असेल तर. माझं म्हणणं एवढंच आहे की ते त्यांनी आपल्या हाताने, आपल्या खात्यातून, हिशोब बघून भरावं. कारखान्याने आधीच कापून घेतलेल्या चेकच्या मागे त्यांनी उभं राहू नये.

ते गड्ड्याला आले नाहीत हे वाचून मला वाईट वाटलं. सिद्धेश्वराच्या यात्रेला सोलापूरचा माणूस जात नाही म्हणजे त्याच्या मनात काय चाललं असेल. त्यांना वाटतंय आपण थकबाकीदार झालो. ते थकबाकीदार नाहीत. हप्ता त्यांनी चुकवला नाही आणि कर्जाचे पैसे त्यांच्या हातातही आले नाहीत. मित्राच्या मुलीचं लग्न उभं राहावं म्हणून त्यांनी नाव दिलं.

आणि त्यांना नुसतं बसू देऊ नका, कामाला लावा. एवढी वर्षं त्यांनी स्टोअर सांभाळलं आहे. कुठला माल कधी आला, कोणाच्या सहीने गेला, शिल्लक किती, हे त्यांच्या बोटांवर असणार. त्यांना एक दोनशे पानी वही आणून द्या. पहिल्या पानावर नोकरीच्या तारखा आणि शेवटच्या सहा महिन्यांचा पगार. दुसऱ्यावर कर्ज कधी निघालं, नवं-जुनं कधी झालं, हप्ता कधी थांबला. तिसऱ्यावर कोणता अर्ज कोणत्या तारखेला कुठे दिला आणि पोच मिळाली की नाही. अर्ज मुलीने टाइप करावेत, तारखा मात्र त्यांनाच काढू द्या. फॉर्म आय घेऊन कारखान्यात ते एकटे जाणार नाहीत. तुम्ही बरोबर जा.